कुळाची कैफियत : यवतमाळ जिल्ह्यातील बेदखलीविरुद्धच्या बचावाचा इतिहास

१

दिवाणी न्यायालयात वादीच्या दाव्याला प्रतिवादी जे लेखी उत्तर देतो, त्यास मराठीत ‘कैफियत’ म्हणतात. हा शब्द न्यायालयांनी घडविलेला नाही. मूळ अरबीत त्याचा अर्थ ‘कसेपण’, म्हणजे एखाद्या गोष्टीची स्थिती, असा आहे. मराठी दप्तरांत तो रुळला तो वतनाची, गावाची किंवा घराण्याची हकीकत या अर्थाने. ब्रिटिश अमदानीतील न्यायालयांनी तो उचलला आणि त्याला प्रतिवादीच्या बचावाचा अर्थ दिला. तथापि जुना अर्थ त्यातून पूर्णपणे गेला नाही. ज्याच्यावर जमिनीतून निघून जाण्याचा प्रसंग येतो, त्याचा बचाव म्हणजे अखेर त्या जमिनीवरील त्याची हकीकतच असते : आपण येथे केव्हा आलो, कोणत्या नात्याने आलो, काय देत आलो.

अशी हकीकत सांगण्याचा अधिकार शेतजमिनीच्या कुळाला कोणत्या क्रमाने मिळाला, या प्रश्नाच्या अभ्यासाला यवतमाळ जिल्हा विशेष सोयीचा आहे. हा वऱ्हाडच्या चार जिल्ह्यांपैकी एक. १९०५ पर्यंत तो वणी जिल्हा म्हणून ओळखला जाई. १८५३ च्या तहाने वऱ्हाड प्रांत निजामाकडून इंग्रजांच्या ताब्यात आला, १९०३ मध्ये तो मध्य प्रांताला जोडण्यात आला, १९५६ च्या नोव्हेंबरात विदर्भासह द्विभाषिक मुंबई राज्यात आणि १ मे १९६० रोजी महाराष्ट्रात समाविष्ट झाला. प्रत्येक राजवटीने कुळासाठी वेगळा शब्द आणि वेगळी कचेरी योजली. सामान्य समजूत अशी की बचावाचा हक्क म्हणजे न्यायाधीशासमोर उभे राहून बोलण्याची मुभा. या जिल्ह्याचा इतिहास दाखवितो तो असा की, ही मुभा कुळाला पहिल्यापासून होती. परंतु कायद्याने त्याला नाव दिले नव्हते तोवर तिचा उपयोग नव्हता, आणि नाव मिळाल्यावरही बेदखली बहुधा न्यायालयात पोचण्यापूर्वीच उरकली जात असे.

२

इंग्रजी राजवटीने वऱ्हाडात मुंबई इलाख्याच्या धर्तीची रयतवारी मोजणी आणली. १८९६ ची वऱ्हाड जमीन महसूल संहितादेखील मुंबईच्या संहितेच्या साच्यावर घडविलेली होती. या पद्धतीत सरकारचा संबंध सारा भरणाऱ्या खातेदाराशी. खातेदार आपली जमीन दुसऱ्यास कसावयास देई, तो त्या दोघांतील खाजगी करार मानला जाई. सरकारी कागदावर जो ‘रयत’ होता, तो कित्येकदा प्रत्यक्ष नांगर धरणारा नव्हता, आणि नांगर धरणाऱ्याला कागदावर नावच नव्हते.

येथे वर्धा नदीच्या दोन काठांची तुलना उद्बोधक ठरते. नदीच्या पलीकडे, मध्य प्रांताच्या वर्धा व चांदा जिल्ह्यांत, मालगुजारी पद्धत होती. तेथील मालगुजाराच्या हाताखालच्या कुळांना १८८३, १८९८ व १९२० च्या कूळकायद्यांनी क्रमाने संरक्षण दिले. कायद्याने ठरविलेल्या कारणांवाचून आणि रीतसर हुकुमावाचून त्यांतील मौरुसी कुळास काढता येत नसे. नदीच्या अलीकडे, वणी-यवतमाळच्या बाजूस, रयतेला जमिनीची जवळजवळ मालकीच दिल्यामुळे कुळाचे संरक्षण करण्याचे कारण राज्यकर्त्यांना दिसले नाही. जमीन तीच काळी, पीक तेच कापूस-ज्वारीचे. पण एका काठावरील कुळाजवळ कायदा होता आणि दुसऱ्या काठावरील कुळाजवळ फक्त करार. दावा झालाच तर अशा कुळाला फार थोडे मुद्दे मांडता येत : मुदत संपली की नाही, नोटीस पोचली की नाही, खंड दिला की नाही. जमिनीवरील त्याच्या हकीकतीशी न्यायालयाला कर्तव्य नव्हते.

या नियमाला एक अपवाद होता, आणि तो यवतमाळ जिल्ह्यात ठळक होता. १८६५ च्या पडीत जमिनींच्या नियमांन्वये ओसाड गावे लागवडीस आणण्यासाठी इजाऱ्याने देण्यात आली. ‘इजारा’ हा शब्दही अरबी, भाडेपट्टा या अर्थाचा. जिल्ह्यातील कित्येक गावांच्या नावापुढे तो अद्याप चिकटून आहे. इजारदाराच्या गावात प्रश्न वेगळा होता. जो शेतकरी इजारदार येण्यापूर्वीपासून तेथे कसत होता, त्याला इजारदाराचे साधे भाडेकरू कसे म्हणावे? या प्रश्नाच्या उत्तरातून ‘पूर्वापार कूळ’ हा वर्ग कायद्यात आला, आणि १९२१ मध्ये वऱ्हाडातील दुमाला गावांसाठी स्वतंत्र कूळकायदा झाला. या वर्गाचा बचाव कराराच्या अटींवर नव्हता. आपण आधीपासून आहोत या हकीकतीवर तो उभा होता. हकीकत हाच बचाव, ही गोष्ट या जिल्ह्यात कायद्याने प्रथम मान्य केली ती येथे. १९५१ च्या मार्चअखेर मध्य प्रदेशच्या मालकी हक्क रद्द करणाऱ्या कायद्याचा अंमल सुरू झाला आणि इजारदारांची मधली सत्ता संपुष्टात आली. खालसा गावांतील सामान्य कुळाचा प्रश्न मात्र तसाच राहिला.

३

हे सामान्य कूळ स्वतःस कूळ म्हणत नसे. पश्चिम महाराष्ट्रात ‘कूळ’ हा शब्द सारा किंवा देणे देणारे कुटुंब या अर्थाने जुना आहे. रयतवारीलाच तेथे ‘कुळवार’ म्हणत. वऱ्हाडी बोलीत व्यवहाराला नाव असे, माणसाला नसे. वावर बटईने केले, मक्त्याने घेतले, ठोक्याने दिले, असे बोलले जाई. बटईत पिकाची वाटणी होई. मक्त्यात व ठोक्यात नगद रक्कम आधी ठरे. कसणारा स्वतःविषयी एवढेच सांगे की ‘वावर मी वाहतो’. वाहीपेरी कोणाची, हा गावच्या दृष्टीने निर्णायक प्रश्न होता आणि त्याचे उत्तर सर्वांस ठाऊक असे.

न्यायालयाच्या दृष्टीने हे उत्तर अपुरे होते. ‘वाहणे’ हे क्रियापद कृती सांगते, हक्क सांगत नाही. सालदारही वावर वाहतो, भागीदारही वाहतो, गहाण घेऊन कबजात असलेला सावकारही वाहवितो. म्हणून जमिनीच्या मालकाचा नेहमीचा पवित्रा असा असे की हा मनुष्य आपला पट्टेदार नव्हेच. हा सालाने ठेवलेला गडी आहे, किंवा शेतीतील वाटेकरी आहे. बटईचा व्यवहार तोंडी. पिकाचा वाटा खळ्यावरूनच उचलला जाई आणि त्याची पावती कोणी लिहीत नसे. पटवाऱ्याच्या पेरेपत्रकात मालकाचे नाव असले म्हणजे बटईदाराच्या हाती कागदाचा पुरावा राहत नसे. राहत असे ते शेजाऱ्यांचे तोंड.

१९५१ च्या वऱ्हाड शेतजमीन पट्टे नियमन कायद्याने या स्थितीवर पहिला आघात केला. जुन्या मध्य प्रदेश राज्याचा हा कायदा वऱ्हाडच्या चार जिल्ह्यांपुरता होता. त्याने पट्ट्याची किमान मुदत पाच वर्षांची मानली, ‘संरक्षित पट्टेदार’ हा वर्ग निर्माण केला, आणि पट्टा संपुष्टात आणण्याची कारणे नेमून दिली : खंड थकविणे, जमिनीची नासाडी करणे, ती पोटपट्ट्याने देणे, अथवा मालकाला ती स्वतः कसावयास हवी असणे. यांपैकी कोणत्याही कारणासाठी मालकाने स्वतःच कबजा घ्यावयाचा नव्हता.

परंतु या कायद्यातील सर्वांत दूरगामी गोष्ट कारणांच्या यादीत नाही. झालेला व्यवहार हा पट्टा आहे की नाही, असा प्रश्न निघाल्यास त्याचा निर्णय महसूल अधिकाऱ्याने करावा, असे त्याच्या सोळाव्या कलमाने ठरविले. आणि पुढे दुरुस्ती होऊन, जे प्रश्न महसूल अधिकाऱ्याकडे सोपविले आहेत त्यांत दिवाणी न्यायालयाने पडू नये, अशी तरतूद झाली. वरवर पाहता कुळाचे एक दार येथे बंद झाले. वस्तुतः कुळाच्या बचावातील पहिला आणि अवघड मुद्दा, म्हणजे ‘मी पट्टेदार आहे’ हा, मालकाच्या दाव्यातून काढून स्वतंत्र चौकशीचा विषय करण्यात आला. पूर्वी मालक दावा आणी आणि कुळाने त्यात उत्तर द्यावयाचे असे. आता कुळाला प्रथम आपले नाव सिद्ध करण्यास वेगळी जागा मिळाली.

४

राज्यपुनर्रचनेनंतर विदर्भाच्या कुळांसमोर नवा धोका उभा राहिला. पश्चिम महाराष्ट्रात १९४८ चा मुंबई कूळकायदा लागू होता आणि १ एप्रिल १९५७ हा तेथे कृषकदिन ठरला होता. विदर्भात तसाच कायदा येणार हे दिसू लागताच, तो येण्यापूर्वी कुळे हलविण्याचा मोह मालकांना होणे स्वाभाविक होते. म्हणून सरकारने १९५७ मध्ये विदर्भातील शेतजमिनीच्या कुळांना बेदखलीपासून संरक्षण देणारा तात्पुरता कायदा प्रथम केला, आणि ३० डिसेंबर १९५८ पासून मुंबई कूळवहिवाट व शेतजमीन (विदर्भ विभाग) कायदा अमलात आला. १९५१ चा वऱ्हाडचा कायदा त्यात विसर्जित झाला.

या कायद्याच्या सहाव्या कलमातील एक लहानसा शब्दसमूह यवतमाळच्या बटईदाराच्या दृष्टीने सबंध अधिनियमाइतका मोलाचा आहे. दुसऱ्याची जमीन कायदेशीरपणे कसणारा इसम कूळ मानला जाईल, असे सांगून कायदा त्यातून काहींना वगळतो : मालकाच्या कुटुंबातील व्यक्ती, मालकाच्या देखरेखीखालील मजूर, कबजेगहाणदार, आणि नगदी अथवा धान्यरूपाने वेतन घेणारा नोकर. नोकराच्या बाबतीत मात्र पुढे अशी पुस्ती आहे की हे वेतन पिकाच्या वाट्याच्या रूपाने दिलेले नसावे. म्हणजे ज्याला पिकाचा वाटा मिळतो, त्याला नोकर म्हणून बाजूस सारता येणार नाही. सालदार आणि बटईदार यांच्यामध्ये ही रेषा एकदा आखली गेल्यावर मालकाचा जुना पवित्रा लंगडा झाला. बोलीतील ‘बटईने केले’ या वाक्याला प्रथमच विधीच्या भाषेत कर्ता मिळाला.

नाव मिळाल्यावर जागेची व्यवस्था १९५८ च्या कायद्याने अधिक नेटकी केली. तहसीलदाराच्या हुकुमावाचून कोणाही मालकाला कुळाकडून कबजा घेता येणार नाही, असे त्याने सांगितले. कलम १२४ ने दिवाणी न्यायालयाचा अधिकार वर्ज्य केला, आणि कलम १२५ ने त्याहून महत्त्वाची सोय केली. मालकाने दिवाणी न्यायालयात कबजाचा दावा लावला, प्रतिवादी हा अतिक्रमण करणारा आहे असे म्हटले, आणि प्रतिवादीने कैफियतीत आपण कूळ असल्याचे सांगितले, तर न्यायालयाने दावा स्थगित करावा, कुळाचा मुद्दा महसुली अधिकाऱ्याकडे पाठवावा, आणि तेथील निर्णय आल्यावर त्यानुसार दाव्याचा निकाल द्यावा. या व्यवस्थेचे बीज पश्चिम महाराष्ट्रात पडले होते. मुंबईच्या कायद्यात अशी तरतूद नसतानाच १९५० नंतरच्या काही वर्षांत मुंबई उच्च न्यायालयाने असा दावा फेटाळू नये, स्थगित ठेवावा, असे म्हटले होते. १९५६ च्या दुरुस्तीने ती रीत कायद्यात आली आणि १९६५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तीच भूमिका उचलून धरली. वादीने दाव्याला कोणतेही नाव दिले तरी प्रतिवादीच्या कैफियतीने प्रश्नाचे स्वरूप बदलते, हे त्यातील तत्त्व होय. कैफियतीला एवढे वजन कुळाच्या इतिहासात पूर्वी कधी आले नव्हते.

थकबाकीच्या बाबतीतही बचावाला अवधी ठेवला गेला. नोटीस मिळाल्यापासून तीन महिन्यांत थकलेला खंड भरणाऱ्यास काढता येत नसे. मालकाला जमीन स्वतः कसण्यासाठी परत मागता येई, पण त्यावर क्षेत्राची व मुदतीची मर्यादा होती. मालकपक्षाची अडचण कायद्याने अगदीच नजरेआड केली असेही नव्हे. विधवा, अज्ञान व अपंग मालकांसाठी निराळ्या तरतुदी होत्या. या चौकटीवर १ एप्रिल १९६१ रोजी पात्र जमिनींची मालकी कुळांकडे संक्रमित झाली, आणि उरलेल्यांपैकी पुष्कळ कुळांच्या बाबतीत १ एप्रिल १९६३ ही तारीख ठरली. आता बचावात हरणारा केवळ कसण्याचा हक्क गमावीत नव्हता; मालक होण्याची संधीही त्याच्या हातची जात होती. म्हणूनच त्या काळातील कूळप्रकरणे तहसीलदारापासून महसूल न्यायाधिकरणापर्यंत आणि तेथून उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापर्यंत चिकाटीने लढविली गेली.

५

तरीदेखील ज्या कुळांनी आपली जमीन गमावली, त्यांतील पुष्कळ कुळे कोणत्याही कचेरीत हरलेली नव्हती. ती तेथवर गेलीच नव्हती. वि. म. दांडेकर व गो. ज. खुदानपूर यांनी गोखले संस्थेमार्फत मुंबईच्या १९४८ च्या कायद्याच्या अंमलबजावणीची पाहणी केली, तिचा अहवाल १९५७ मध्ये प्रसिद्ध झाला. कायदा लागू झाल्यानंतरही कुळे मोठ्या प्रमाणावर जमिनीवरून गेली, आणि त्यांतील बहुतेकांची नोंद ‘स्वखुशीने सोडली’ अशी झाली, हे त्यातून दिसून आले. ज्याला कायद्याने काढता येत नाही, तो आपण होऊन निघून गेला, असे कागद म्हणत होता. कर्ज, बैलजोडीची उसनवारी, घरच्या लग्नकार्यातील मदत, गावातील वजन, या सर्वांचा भार एका अंगठ्याच्या ठशावर येई.

विदर्भाचा कायदा या पाहणीनंतरचा असल्याने त्याने कुळाच्या राजीनाम्यावर अट घातली : तो लेखी असावा आणि तहसीलदारासमोर पडताळला जावा. १९७५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने मुंबईच्या कायद्यातील समान तरतुदीचा अर्थ कडकपणे लावला. कुळाला राजीनाम्याचे स्वरूप व परिणाम समजले आहेत, आणि तो त्याने स्वेच्छेने दिला आहे, याविषयी अधिकाऱ्याने स्वतःची खात्री करून घेणे हा केवळ उपचार नसून, त्यावाचून राजीनाम्याला कायद्याने किंमत नाही, असे त्या निर्णयाचे सार आहे. येथे बचावाच्या कल्पनेचा विस्तार झालेला दिसतो. प्रतिवादी नसलेल्या, किंबहुना स्वतःच्या अंगठ्याने आपल्याविरुद्ध लिहून देणाऱ्या कुळाचा बचाव करण्याचे काम कायद्याने अधिकाऱ्याकडे दिले.

हे काम प्रत्येक वेळी नीट झाले असे मानता येत नाही. तहसीलदार हाच महसुलाचा वसूलदार, हाच नोंदींचा रक्षक आणि हाच न्यायकर्ता. प्रकरण वरच्या पायऱ्यांवर गेले की यवतमाळहून नागपूरपर्यंतचा सुमारे दीडशे किलोमीटरचा प्रवास आणि वकिलाचा खर्च कुळाच्या माथी येई. उलट पक्षी, मुद्दा महसुली कचेरीत पडून राहिला तर स्थगित दाव्यामुळे कबजा वर्षानुवर्षे कुळाकडेच राही, आणि लहान मालकाला स्वतःची जमीन पाहत बसावे लागे. दोन्ही पक्षांनी विलंबाला कधी शत्रू मानले, कधी मित्र.

६

याच विचाराच्या दोन शाखांची नोंद घेणे आवश्यक आहे. पहिली नगरांतील. १९४९ च्या मध्य प्रांत व वऱ्हाड घरभाडे नियंत्रण आदेशाच्या तेराव्या खंडाप्रमाणे घरमालकाला भाडेकरूस जागा सोडण्याची नोटीस देण्यापूर्वी भाडे नियंत्रकाची परवानगी घ्यावी लागे. ती मिळाल्यावरच नोटीस आणि त्यानंतर दिवाणी दावा. म्हणजे यवतमाळसारख्या नगरातील भाडेकरूला न्यायालयाआधी आणखी एका ठिकाणी आपली बाजू मांडता येई. ३१ मार्च २००० पासून महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा १९९९ अमलात आला आणि विदर्भातील ही दुहेरी वाट संपली. वावरात आणि घरात व्यवस्था वेगवेगळी होती. पण बेदखलीचा प्रश्न सरळ न्यायाधीशाकडे जाऊ देऊ नये, हा विचार दोन्हींत समान होता.

दुसरी शाखा जिल्ह्यातील गोंड, कोलाम, आंध आदी जमातींशी निगडित आहे. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात आदिवासींच्या हातून गेलेल्या जमिनी परत देण्यासाठी महाराष्ट्राने १९७४ चा अधिनियम केला. येथे भूमिका उलट झाल्या : कबजात बिगर-आदिवासी आणि मागणारा आदिवासी. या प्रकरणांत वकिलांना उभे राहण्यास कायद्याने मनाई केली, कारण वकील परवडणारा पक्ष बहुधा एकच असे. १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही मनाई वैध ठरविली आणि त्याबरोबरच आदिवासींना विधिसाहाय्य पुरविण्याची गरज सांगितली. बोलण्याची मुभा दोघांस समान दिल्याने बळ समान होत नाही, ही जाणीव या तरतुदीमागे आहे. बाजू मांडण्यासाठी माणूसच नसेल तर ती मांडली जाणार कशी, हा प्रश्न तिच्यातून उरतो.

७

‘बेदखल’ या शब्दातील ‘दखल’ म्हणजे प्रवेश, कबजा. मराठीत तिला आणखी एक अर्थ आला : ‘दखल घेणे’ म्हणजे एखाद्याकडे लक्ष पुरविणे. यवतमाळच्या कुळाच्या इतिहासात हे दोन्ही अर्थ एकमेकांवाचून समजत नाहीत. ज्याची कागदाने दखल घेतली नव्हती, त्याला जमिनीवरून बेदखल करणे सोपे होते. १९२१, १९५१ आणि १९५८ हे तीन कायदे म्हणजे ही दखल घेण्याचे तीन टप्पे होत : प्रथम इजाऱ्यातील पूर्वापार कुळाची, मग पट्टेदाराची, शेवटी बटईदाराची.

या इतिहासाचे साधन केवळ अधिनियमांत व छापील निवाड्यांत शोधून भागणार नाही. दारव्हा, पुसद, वणी, केळापूर आणि यवतमाळ या जुन्या तालुक्यांच्या महसुली दप्तरांत कूळप्रकरणांचे कागद होते तेथे कुळाचा व साक्षीदारांचा जबाब आहे. आणि तो लिहिताना कारकुनाने ‘वावर मी वाहतो’ या वाक्याचे ‘सदर जमीन कूळ या नात्याने माझे वहिवाटीत आहे’ असे रूपांतर कोठे केले आणि कोठे केले नाही, हे पाहण्यासारखे आहे. कारकुनाने ते रूपांतर केले नाही तेथे कुळाचा बचाव टिकला की नाही, याचे उत्तर इतिहासाच्या आणि भाषेच्या अभ्यासकांनी मिळून शोधावयाचे आहे.